पंधरा रुपयांतले आठ

रमजानचा दुसरा पंधरवडा लागला की मुस्लिम घरांत हिशेबाच्या वह्या निघतात. वर्षअखेरीस शिल्लक किती, घरात सोने किती, चांदी किती, दुकानात माल किती पडला आहे, कुणाकडून येणे किती आणि कुणाचे देणे किती, हे सारे कागदावर मांडले जाते. साडेसात तोळे सोने किंवा साडेबावन्न तोळे चांदी, अथवा तेवढ्या किमतीची शिल्लक ज्याच्याकडे वर्षभर टिकली, त्याच्यावर जकात फर्ज होते. फर्ज म्हणजे टाळता न येणारे कर्तव्य. शंभराला अडीच या दराने रक्कम बाजूला काढायची आणि गरजूंच्या हाती द्यायची. खामगावचा कापड दुकानदार असो, मलकापूरचा व्यापारी असो की मेहकर-चिखलीकडचा नोकरदार, हिशेबाची रीत सगळ्यांना एकच.

या हिशेबातील एक बारकावा शेजारच्या हिंदू बांधवांना सहसा ठाऊक नसतो. जकातीचा पैसा आई-वडिलांना आणि स्वतःच्या मुलाबाळांना देता येत नाही, कारण त्यांना सांभाळणे हे मुळातच आपले काम आहे. गरजू भावाला किंवा बहिणीला मात्र तो देता येतो. इतकेच नव्हे, जवळच्या नातेवाइकाला दिलेल्या दानाचे पुण्य दुहेरी मानले गेले आहे, एक दानाचे आणि दुसरे नाते जपण्याचे.

पण जकातीचा सारा विचार शिल्लक असलेल्यांसाठी आहे. ज्याच्याकडे शिल्लकच नाही, त्याच्यावर जकात नाही. तरीही असा माणूस स्वतःच्या ताटातले काढून दुसऱ्याला देतो, तेव्हा त्या देण्याला वेगळे नाव आहे. त्याला ईसार म्हणतात. स्वतः अडचणीत असताना दुसऱ्याची गरज आधी पाहणे, म्हणजे ईसार. मक्का सोडून मोकळ्या हाताने मदिनेत आलेल्या लोकांना तिथल्या रहिवाशांनी भाऊ मानले आणि आपले घर-शेत त्यांच्यासाठी खुले केले, हे त्याचे सर्वांत जुने आणि प्रसिद्ध उदाहरण.

ईसार शोधण्यासाठी मात्र दर वेळी मदिनेपर्यंत जावे लागत नाही. आपल्या महाराष्ट्रात, कागलच्या एका गरीब ब्राह्मण घरात, सुमारे दीडशे वर्षांपूर्वी एका थोरल्या भावाने पंधरा रुपये पगारातले आठ रुपये दर महिन्याला धाकट्याच्या शिक्षणासाठी दिले. थोरल्याचे नाव गोविंद. धाकट्याचे नाव गोपाळ. हा गोपाळ पुढे नामदार गोपाळ कृष्ण गोखले म्हणून देशाला माहीत झाला आणि महात्मा गांधींनी त्यांना आपले राजकीय गुरू मानले.

कागलचे घर

गोपाळचा जन्म ९ मे १८६६ रोजी रत्नागिरी जिल्ह्यातील कोतळूक या गावी, आजोळी झाला. गोखल्यांचे मूळ गाव त्याच जिल्ह्यातले ताम्हणमळा. थोडीशी जमीन, डोंगरउताराची, भाताची. तिच्यावर घर चालणे अवघड. म्हणून वडील कृष्णराव घाट चढून कोल्हापूरकडे आले. त्यांनाही शिकायचे होते. कोल्हापुरात ते काही काळ शिकलेही, आणि पुढे न्यायमूर्ती म्हणून प्रसिद्ध झालेले महादेव गोविंद रानडे त्यांचे तिथले सहाध्यायी. परंतु परिस्थितीने कृष्णरावांचे शिक्षण अर्धवट राहिले. कोल्हापूर संस्थानाच्या अखत्यारीतील कागल या जहागिरीत त्यांनी कारकुनाची नोकरी धरली आणि पुढे ते फौजदार झाले.

घरात पत्नी, दोन मुलगे आणि चार मुली. आईला लिहिता-वाचता येत नव्हते, पण मुलांनी शिकावे असे दोघांनाही वाटे. स्वतःचे अर्धवट राहिलेले शिक्षण मुलांनी पुरे करावे, ही बापाची इच्छा नवी नाही, त्या घरातही तीच होती. दोन्ही मुलांना शाळेसाठी कोल्हापुरास पाठवण्यात आले. गोविंद थोरला, गोपाळ त्याच्यापेक्षा काही वर्षांनी लहान. परक्या गावात दोघे एकमेकांच्या आधाराने राहू लागले.

१८७९ साली कृष्णराव वारले. त्या वेळी गोपाळ तेरा वर्षांचा होता आणि गोविंद सुमारे अठरा वर्षांचा. फौजदाराच्या पगारावर चालणाऱ्या घरात साठवलेले असे काही नव्हते. आई आणि बहिणींना घेऊन कुटुंब ताम्हणमळ्याला परतले. चुलते होते, त्यांनी आसरा दिला. पण कोकणातल्या त्या तुटपुंज्या जमिनीवर आणखी इतकी तोंडे भरणार कशी, हा प्रश्न होताच.

दोन्ही मुलांचे शिक्षण चालू ठेवणे शक्य नव्हते. गोविंदने शिक्षण सोडले आणि वडिलांच्याच गावी, कागलमध्ये, दरमहा १५ रुपयांची नोकरी धरली. एका पिढीपूर्वी बापाचे जे झाले होते, तेच आता थोरल्या मुलाचे झाले.

आठ आणि सात

त्या पंधरा रुपयांची वाटणी चरित्रकारांनी नोंदवून ठेवली आहे. आठ रुपये कोल्हापुरात शिकणाऱ्या गोपाळला. उरलेल्या सात रुपयांत घरातली बाकी सगळी माणसे.

हे आकडे जरा थांबून पाहण्यासारखे आहेत. आठ हा पंधराच्या अर्ध्याहून जास्त भाग आहे. एका मुलाच्या शाळेसाठी अर्ध्याहून जास्त, आणि आई, पत्नी, बहिणी व स्वतः अशा सगळ्यांसाठी अर्ध्याहून कमी. कुणी सक्ती केली नव्हती. तेरा वर्षांच्या मुलालाही कुठे कामाला लावता आले असते आणि त्या काळात त्यात कुणाला काही गैर वाटले नसते. गोविंदने ते केले नाही. जकातीच्या भाषेत बोलायचे तर त्याच्याकडे देण्याजोगी शिल्लक नव्हतीच. जे दिले ते पोटातले दिले.

आठ रुपये मिळाले म्हणून गोपाळचे दिवस सुखाचे गेले असे नाही. फी, पुस्तके, राहणे आणि जेवण, सगळे त्यातच. पैसे वाचावेत म्हणून तो स्वतःच्या हाताने स्वयंपाक करी. दिव्याचे तेल वाचावे म्हणून रस्त्यावरच्या दिव्याखाली बसून अभ्यास करी. याच काळातली एक गोष्ट त्याच्या चरित्रांत येते. एका सोबत्याने त्याला नाटकाला नेले. गोपाळला वाटले, सोबती आपल्याला बरोबर नेतो आहे, तेव्हा तिकीट त्याचेच. काही दिवसांनी सोबत्याने तिकिटाचे दोन आणे मागितले. गोपाळने वाद घातला नाही, पैसे देऊन टाकले, आणि ती तूट भरून काढण्यासाठी दिव्याच्या तेलाला कात्री लावली. पैसा कागलहून कसा येतो हे त्याला पुरते ठाऊक होते, म्हणून प्रत्येक आण्याचा हिशेब त्याच्या मनात पक्का होता.

रमजानचा रोजा ठेवणाऱ्याला दिवसभराची भूक कळते, पण त्या भुकेला संध्याकाळची खात्री असते. मगरिबची अजान झाली की खजूर हाती येतो. गरिबाच्या घरातल्या भुकेला अशी ठरलेली वेळ नसते. रोजा हा त्या दुसऱ्या भुकेची आठवण राहावी म्हणूनही आहे, असे उलेमा सांगत आले आहेत. कागल आणि कोल्हापूरच्या मधल्या काही कोसांत हे दोन भाऊ त्या दुसऱ्या भुकेसह राहत होते, आणि एकमेकांपासून ती लपवत होते असे मानायला जागा आहे. थोरला घरचे हाल धाकट्याला कळवून त्याचा अभ्यास मोडणार नाही, आणि धाकटा जास्त पैसे मागून थोरल्याला अडचणीत टाकणार नाही. दोन शहाण्या भावांत असेच होते.

१८८१ साली गोपाळ मॅट्रिक झाला. आता आपण नोकरी धरावी आणि दादाचा भार हलका करावा, असे त्याच्या मनात आले. त्या काळी मॅट्रिक झालेल्या मुलाला सरकारी कचेरीत काम मिळणे कठीण नव्हते. पण गोविंदने ऐकले नाही. या ठिकाणी या कथेत आणखी एक व्यक्ती येते, ती म्हणजे गोविंदची पत्नी, गोपाळची वहिनी. दिराच्या कॉलेजच्या खर्चासाठी तिने आपले मोजके दागिने काढून दिले, असे चरित्रकार लिहितात. दोन भावांच्या प्रेमाची गोष्ट सांगताना ती मागेच राहून जाते. खरे पाहता सात रुपयांत घर चालवण्याचे काम तिच्याकडे आणि सासूकडे होते. आठ रुपये वेळेवर कोल्हापुरास जात, कारण सात रुपयांत चूल पेटती ठेवणाऱ्या बायका घरात होत्या.

गोपाळ आधी कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजात, मग काही काळ पुण्याच्या डेक्कन कॉलेजात आणि शेवटी मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजात शिकला. एल्फिन्स्टनमध्ये त्याला दरमहा २० रुपयांची शिष्यवृत्ती मिळाली. थोरल्याच्या पगारापेक्षा धाकट्याची शिष्यवृत्ती मोठी झाली. १८८४ साली, वयाच्या अठराव्या वर्षी, तो बी. ए. झाला. ज्या वयात गोविंदने शिक्षण सोडले होते, त्याच वयात गोपाळ पदवीधर झाला.

धाकट्याचा निर्णय

इथपर्यंतची गोष्ट अनेक घरांत घडते आणि आजही घडते. तिचा नेहमीचा शेवट असा की, धाकटा मोठ्या पदावर जातो, पगार घरी आणतो, थोरल्याचे कष्ट फळाला येतात. गोखल्यांच्या घरीही हीच आशा असणे स्वाभाविक होते. वकिली होती, सरकारी नोकरी होती, दोन्हींत पैसा होता.

गोपाळने वेगळेच ठरवले. १८८५ साली तो पुण्याच्या न्यू इंग्लिश स्कूलमध्ये दरमहा ३५ रुपयांवर शिक्षक झाला. पुढच्याच वर्षी डेक्कन एज्युकेशन सोसायटीचा आजीव सदस्य झाला. टिळक आणि आगरकर तेव्हा या संस्थेत होते. आजीव सदस्याने वीस वर्षे संस्थेचीच सेवा करायची आणि साधारण ७५ रुपये महिन्यावर समाधान मानायचे, असा तिथला नियम. गोपाळ गणेश आगरकर हे नाव वऱ्हाडाला परके नाही. त्यांचे शालेय शिक्षण आपल्या शेजारच्या अकोल्यात, अशाच हलाखीत झाले होते. एम. ए. होऊनही आपण पोटापुरत्या पैशावर लोकांच्या कामाला वाहून घेणार, तेव्हा मोठ्या पगाराची आशा ठेवू नये, असे त्यांनी आपल्या आईला कळवले होते. गोखले त्यांच्या जवळचे झाले आणि आगरकरांच्या ‘सुधारक’ पत्राची इंग्रजी बाजू काही काळ त्यांनी सांभाळली.

इथे एक अवघड प्रश्न उभा राहतो आणि तो टाळू नये. ज्या थोरल्या भावाने आपले शिक्षण दिले, वहिनीने दागिने दिले, त्यांच्या धाकट्याने स्वतःहून गरिबी पत्करावी का? त्याग करायचा तर आपल्या वाट्याचा करावा. दुसऱ्याच्या त्यागावर उभे राहून पुन्हा त्याग करणे, हा त्या दुसऱ्यावर अन्याय तर नाही? इस्लामी शिकवणीतही दान करण्याआधी ज्यांचा आपल्यावर हक्क आहे त्यांचा विचार करावा, घरच्यांना उपाशी ठेवून बाहेर दानशूर होऊ नये, असा दंडक आहे.

गोखल्यांच्या पुढच्या वागण्यात या प्रश्नाचे उत्तर सापडते. ते दोन गोष्टी एकदम करत राहिले. संस्थेचे काम सोडले नाही आणि घरही सोडले नाही. शाळेच्या पगाराखेरीज त्यांनी खाजगी शिकवण्या केल्या. अंकगणितावर शालेय पुस्तक लिहिले, ते चांगले चालले आणि त्याचे उत्पन्न पुढे त्यांच्या संसाराचा मोठा आधार झाले. दोन आण्यांचा हिशेब रस्त्यावरच्या दिव्याखाली शिकलेल्या मुलाने महाराष्ट्राच्या आणि देशाच्या मुलांना हिशेब शिकवला, आणि त्याच पुस्तकाच्या पैशावर घर सांभाळले. थोरला भाऊ त्यांच्या हयातीतच गेला. त्याच्या माघारी त्याच्या कुटुंबाची जबाबदारी गोखल्यांनी आपली मानली. आठ रुपयांचे कर्ज पैशात फेडता येण्याजोगे नव्हते, पण पैशात जेवढे फेडता येईल तेवढे त्यांनी फेडले.

देशाचा जमाखर्च

१९०२ साली गोखले फर्ग्युसन कॉलेजातून निवृत्त झाले आणि त्याच वर्षी व्हाइसरॉयच्या कायदेमंडळात बसू लागले. त्या मार्चमध्ये अंदाजपत्रकावर त्यांनी केलेले पहिले भाषण देशभर गाजले. सरकार तिजोरीतली शिल्लक अभिमानाने दाखवत होते. गोखल्यांनी विचारले की, लोक उपाशी असताना ही शिल्लक आली कुठून आणि ती कुणाच्या ताटातली आहे.

हा काळ वऱ्हाडाने विसरू नये. १८९९-१९०० च्या दुष्काळाने आपल्या बुलढाणा जिल्ह्यासह सारा वऱ्हाड होरपळला होता. माणसे आणि गुरे मेली, गावे ओस पडली. त्यानंतर दोनच वर्षांत सरकारी कागदावर मात्र वाढावा दिसत होता. ज्याने सात रुपयांत चालणारे घर पाहिले होते, त्याला हा वाढावा कौतुकाचा वाटणे शक्यच नव्हते.

गोखल्यांनी विशेष जोर दिला तो मिठावरच्या करावर. मीठ श्रीमंतालाही तेवढेच लागते आणि मजुरालाही तेवढेच. म्हणून मिठावरचा कर गरिबाला श्रीमंताहून जड पडतो, हे त्यांनी वर्षानुवर्षे आकडे देऊन मांडले. मणाला अडीच रुपये असलेला हा कर १९०३ साली दोन रुपये झाला, १९०५ साली दीड रुपया आणि १९०७ साली एक रुपया. हे एकट्या गोखल्यांमुळे झाले असे म्हणता येणार नाही, पण त्यांच्या मांडणीचा त्यात मोठा वाटा होता. रोजच्या भाकरीबरोबरचे मीठ स्वस्त करण्यासाठी भांडणारा हा नेता आवाज चढवत नसे. तो फक्त आकडे मांडी.

सारे भाऊ

१२ जून १९०५ रोजी पुण्यात त्यांनी भारत सेवक समाज स्थापन केला. सभासद होताना सात शपथा घ्याव्या लागत. त्यांतल्या काही शपथांचा आशय आपल्या विषयाच्या अगदी जवळचा आहे. सेवक देशसेवेतून स्वतःचा कोणताही लाभ पाहणार नाही. संस्था त्याच्या आणि कुटुंबाच्या निर्वाहासाठी जे देईल त्यात समाधान मानेल आणि स्वतःसाठी पैसा कमावण्यात शक्ती घालवणार नाही. आणि सर्व भारतीयांना तो भाऊ मानेल, जात किंवा धर्म यांचा भेद न करता सर्वांच्या उन्नतीसाठी काम करेल.

भाऊ हा शब्द राजकारणात फार स्वस्त आहे. सभेच्या सुरुवातीला तो उच्चारला जातो आणि सभा संपली की विसरला जातो. गोखल्यांच्या तोंडी या शब्दाला वजन होते, कारण भाऊ म्हणजे काय हे त्यांनी पुस्तकातून शिकले नव्हते. भाऊ म्हणजे जो आपल्या पंधरांतले आठ देतो तो. सर्व भारतीयांना भाऊ मानायचे तर त्या हिशेबाने मानायचे. त्यांच्या शपथेत हिंदू आणि मुसलमान असा फरक नव्हता, आणि व्यवहारातही अल्पसंख्याकांची भीती समजून घेणारे नेते म्हणून त्यांच्याकडे पाहिले जाई.

दहा रुपयांची अट

आपल्या आयुष्यातील सर्वांत मोठी लढाई गोखले हरले. ती प्राथमिक शिक्षणाची होती. १६ मार्च १९११ रोजी त्यांनी कायदेमंडळात प्राथमिक शिक्षणाचे विधेयक मांडले. सहा ते दहा वर्षे वयाच्या मुलांना शाळेत पाठवणे टप्प्याटप्प्याने सक्तीचे व्हावे, सुरुवात मुलांपासून करावी आणि पुढे ते मुलींनाही लागू करता यावे, असा तो प्रस्ताव होता. बडोद्याचे सयाजीराव गायकवाड आपल्या संस्थानात हे करून दाखवत होते. ब्रिटिश सरकारने ते का करू नये, हा गोखल्यांचा सवाल होता.

त्या विधेयकात एक तरतूद अशी होती की, ज्या पालकाचे उत्पन्न महिन्याला दहा रुपयांहून अधिक नाही, त्याच्या मुलाकडून फी घेऊ नये. मोठमोठ्या भाषणांच्या गर्दीत ही अट सहज नजरेआड होते. ज्या घरात महिन्याला सात रुपयांत सगळे भागवले जात होते, त्या घरातून आलेल्या माणसाने ती लिहिली होती. थोरल्या भावाने आपले शिक्षण सोडल्याशिवाय धाकट्याला शिकता येऊ नये, ही वेळ कुठल्याही घरावर येऊ नये, असेच जणू त्या अटीतून सांगितले जात होते. गोविंदने एका गोपाळसाठी जे केले, ते सरकारने प्रत्येक गोपाळसाठी करावे, आणि प्रत्येक गोविंदसाठीही.

मार्च १९१२ मध्ये त्यावर चर्चा झाली. सरकारी सभासद आणि अनेक जमीनदार विरोधात गेले. खर्च परवडणार नाही, लोकांची तयारी नाही, अशी कारणे दिली गेली. महंमद अली जीना, मजहरुल हक यांच्यासारख्या मुस्लिम सभासदांनी गोखल्यांना पाठिंबा दिला. मतदान झाले तेव्हा बाजूने १३ आणि विरोधात ३८ मते पडली. विधेयक पडले.

पुढच्या तीन वर्षांत त्यांची प्रकृती ढासळत गेली. १९१२ साली ते दक्षिण आफ्रिकेत जाऊन गांधीजींच्या लढ्याला बळ देऊन आले. १९१४ साली सरकारने देऊ केलेला ‘सर’ हा किताब त्यांनी नाकारला. १९ फेब्रुवारी १९१५ रोजी पुण्यात, वयाच्या अवघ्या ४८ व्या वर्षी, ते वारले.

विधेयक पडले तरी विचार पडला नाही. १९१७ साली राजर्षी शाहू महाराजांनी कोल्हापूर संस्थानात प्राथमिक शिक्षण मोफत आणि सक्तीचे केले. शाहू महाराज जन्माने कागलच्या घाटगे घराण्यातले. ज्या कागलमध्ये गोविंदने शिक्षण सोडून पंधरा रुपयांची नोकरी धरली, त्याच कागलच्या सुपुत्राने हे केले. १९१८ साली मुंबई इलाख्यातही विठ्ठलभाई पटेल यांच्या प्रयत्नाने तसा कायदा झाला. आणि १ एप्रिल २०१० पासून सहा ते चौदा वर्षांच्या प्रत्येक मुलाला मोफत व सक्तीच्या शिक्षणाचा हक्क साऱ्या देशात लागू झाला. गोखल्यांचे विधेयक पडल्यापासून तोवर ९८ वर्षे गेली होती.

यादीतले एक नाव

कुरआनच्या अवतरणाची सुरुवात रमजानमध्ये झाली आणि त्यातला पहिला आदेश वाचण्याचा होता, हे मुस्लिम घरातल्या लहान मुलालाही माहीत असते. म्हणूनच अनेक जण जकातीतून गरजू मुलांची फी भरतात, वह्या-पुस्तके देतात. ही चांगली रीत आहे. पण अशी यादी करताना नजर नेहमी शिकणाऱ्या मुलाकडे जाते. ज्याने त्याच्यासाठी शाळा सोडली, तो यादीत नसतो.

आपल्या जिल्ह्यात असे गोविंद आजही आहेत. कुणी जिनिंगमध्ये हमाली करतो, कुणी गॅरेजमध्ये, कुणी फळांच्या गाडीवर, कुणी सुरत-पुण्याच्या कारखान्यात. पुष्कळ घरांत तो गोविंद नसून मोठी बहीण असते, जी शिलाई मशीनवर बसून धाकट्या भावाची फी भरते. निकालाच्या दिवशी पेढे वाटले जातात ते धाकट्याचे.

१८७९ साली शिक्षण सोडणाऱ्या गोविंदला परत येण्याची वाट नव्हती. आज ती आहे. सतरा नंबरचा फॉर्म भरून बाहेरून दहावी-बारावी करता येते. नाशिकच्या यशवंतराव चव्हाण मुक्त विद्यापीठातून नोकरी सांभाळून पदवी घेता येते. त्यासाठी लागणारी रक्कम फार मोठी नसते. कमी पडते ती कुणीतरी विचारण्याची. या रमजानमध्ये जकातीची यादी करणाऱ्यांनी, आणि आपापल्या धर्माप्रमाणे दान देणाऱ्या इतरांनीही, शिकणाऱ्या मुलाचे नाव लिहून झाल्यावर त्या घरात आणखी एक प्रश्न विचारावा. याच्यासाठी शाळा कुणी सोडली? जे नाव येईल, तेही यादीत लिहावे.